पूजेत ठेवलेलं गेज

गहिनीनाथ मिस्त्रीनं आयुष्यात कुणाची काडीसुद्धा चोरली नव्हती. हे तो चारचौघांत छाती पुढं काढून सांगायचा, आणि ते खरंही होतं. पण मान खाली जायला माणसानं चोरीच करायला हवी असं थोडंच आहे? भल्या मनानं केलेली एक आगळीक, ती झाकायला दोन मिनिटं फिरवलेला पॉलिश पेपर आणि त्यानंतर दीड-पावणेदोन वर्षं गिळलेले मूग, एवढ्यावर काम भागतं. गहिनीनाथचं भागलं.

साल एकाहत्तर. नगरच्या बाहेर नागापूरला कारखान्यांच्या शेडी नुकत्या उभ्या राहत होत्या. काकासाहेबांची शेड त्यातलीच एक. सहा लेथ, एक ग्राइंडर, डोक्यावर तापलेला पत्रा. तोवर तिथं साखर कारखान्याच्या पंपांचे सुटे भाग व्हायचे. पंपाचा दांडा जरा जाड झाला तर काय, हातोड्याचे दोन ठोके दिले की बसायचा. गहिनीनाथ तिथला मोठा मिस्त्री. मूळचा घोडेगावकडच्या शेतकऱ्याचा पोरगा, पण लेथवर उभा राहिला की काकडी सोलावी तशी लोखंडाची साल काढायचा. त्याला स्वतःच्या हाताचा गर्व होता, आणि तो काही खोटा नव्हता.

अशा शेडीत त्या उन्हाळ्यात नौदलाचं काम आलं. समुद्र इथून दीडशे मैल लांब. शेडीतल्या निम्म्या लोकांनी तो डोळ्यांनी पाहिलेलाही नव्हता. आणि काम आलं ते पाणबुडीचं!

ते काम समजावून द्यायला मुंबईहून नौदलाचे तपासणी अधिकारी आले. राधाकृष्ण त्यांचं नाव. पांढरे शुभ्र कपडे घालून आले आणि तासाभरात नागापूरच्या धुळीनं मातकट झाले. पण माणूस मोकळा. मराठी मुंबईत शिकलेली, अडखळत का होईना पण बोलायचे. लाकडी खोक्यावर बसून त्यांनी सगळ्या शेडीला गोळा केलं.

"पाणबुड्या आपण रशियाकडून घेतल्या," ते म्हणाले. "घेणं सोपं आहे. खरं काम त्या चालू ठेवण्याचं. पाणबुडी जेवढी समुद्रात असते, जवळजवळ तेवढीच गोदीत असते. तिचा एकेक व्हॉल्व्ह उघडायचा, पुसायचा, झिजलेला भाग बदलायचा. तो भाग बोटीनं रशियाहून यायचा. एक दांडा आला नाही म्हणून अख्खी पाणबुडी कित्येक महिने धक्क्याला बांधून."

"दावणीच्या लंगड्या बैलावानी," गहिनीनाथ म्हणाला.

"तसंच. म्हणून आता हे दांडे इथं करायचे. उद्या आपल्या पाणबुड्या आपणच बांधू, पण आधी हा दांडा नीट जमला पाहिजे."

दांडा म्हणजे व्हॉल्व्हचा स्पिंडल. वर चाक फिरवलं की हा खाली उतरतो आणि पाण्याची वाट बंद करतो. साहेबांनी मूठ वळून दाखवली. जाड झाला तर एरवी फिरेल, पण थंडीत, दाबाखाली, ऐन घाईत दोन माणसं चाकाला लोंबकळली तरी हलणार नाही. "जहाजावरचा माणूस निदान वर पळू शकतो," ते म्हणाले, "पाणबुडीतला कुठं पळणार?"

जाताना त्यांनी एक लाकडी पेटी ठेवली. आत तेलाच्या फडक्यात गुंडाळलेलं गेज, घोड्याच्या नालेएवढं, चकाकणारं, अंगावर कोरलेला नंबर. त्याला दोन तोंडं, एकामागे एक. पुढच्या तोंडातून दांडा जायला हवा, मागच्या तोंडाशी अडायला हवा. पुढूनच गेला नाही तर जाड, मागूनही निसटला तर बारीक. पेटीत एक कार्डही होतं. नौदलाच्या प्रत्येक वस्तूचं असं कार्ड असतं म्हणे. ती कधी जन्मली, कुणी वापरली, कधी दुखावली, कशामुळं, सगळं त्यात लिहायचं.

गेज रंभाजीच्या ताब्यात गेलं, कारण रंभाजी शेडीचा चेकर. मॅट्रिक झालेला, इंग्रजी ड्रॉइंग वाचणारा, शिडशिडीत, कमी बोलणारा गडी. झालेल्या मालावर त्याच्या पंचाचा ठोका पडायचा, चार नंबरचा. तो ठोका नसला तर माल शेडीबाहेर जात नसे. त्याची मोजण्याची तऱ्हा बघण्यासारखी होती. दांडा आडवा धरायचा, गेज दोन बोटांत अलगद पकडायचं आणि डोळे मिटून सोडायचं.

"आपल्या वजनानं उतराय पायजे," तो म्हणायचा. "ढकललं की माप मेलं."

"काय मंतर म्हनतोस का रे?" गहिनीनाथ चिडवायचा. रंभाजी गालात हसायचा. दोघांचं बरं होतं. डबा एकत्र खायचे, आणि रंभाजीच्या बायकोच्या, गीताबाईच्या, हातची वांग्याची भाजी गहिनीनाथ स्वतःच्या डब्यातली असल्यासारखी ओढून घ्यायचा.

त्या वर्षी दसरा लवकर, सप्टेंबर संपायच्या आत आला. खंडेनवमीला शेड बंद. त्या दिवशी हत्यारं चालवायची नाहीत, पुजायची. लेथ धुऊन पुसून झाले, दांडा पकडणाऱ्या चकांना झेंडूच्या माळा पडल्या, पाटावर पाने, करवती, मायक्रोमीटर, हातोडे मांडले. रंभाजीच्या घरानं छप्पन सालीच बौद्ध धम्माची दीक्षा घेतली होती. तो पूजेला उभा राहायचा नाही. पण सगळ्यांबरोबर शेड झाडायला यायचा, पेढा दिला तर आनंदानं खायचा. त्याबद्दल कुणी काही म्हणत नसे. निदान तोंडावर तरी.

"गेज आन की," गहिनीनाथ त्याला म्हणाला. "वर्साचं मोठं काम त्याच्यावर चाललंय. तेच पूजेत न्हाई म्हंजी काय?"

"मिस्त्री, बाकी काय बी ठेवा. गेज नको. ते पूजेचं न्हाई, मापाचं हाय. वला हात लागता कामा न्हाई त्याला." एवढं बोलून रंभाजीनं कपाटाला कुलूप लावलं, किल्ली काकासाहेबांच्या केबिनमधल्या खिळ्याला अडकवली आणि घरी गेला.

गहिनीनाथला ते लागलं. आणि खरं सांगायचं तर त्याच्या मनात वाईट काही नव्हतं. समुद्राच्या पोटात जाणारी ती माणसं त्याच्या डोळ्यापुढं होती. ज्याच्यावर त्यांचा जीव तोलायचा, त्यालाच हळद-कुंकू नाही? त्यानं खिळ्यावरची किल्ली घेतली, पेटी उघडली आणि गेज पाटावर अगदी मधोमध ठेवलं. हळद वाहिली, कुंकू वाहिलं, ओला झेंडू ठेवला आणि नारळ फोडला. पाणी चांगलं भरभरून उडालं. सगळ्यांनी हात जोडले.

पूजेतली हत्यारं दसरा होईपर्यंत हलवायची नाहीत, हा रिवाज. त्यानंही हलवलं नाही.

तिसऱ्या दिवशी रंभाजी यायच्या आत तो पहाटेच शेडीत गेला. झेंडू उचलला आणि गेज उजेडाकडं धरलं. गेजच्या पुढच्या तोंडाच्या आतून दोन्ही बाजूंना गंजाचे तांबूस डाग. नारळाचं पाणी आपलं काम करून गेलं होतं. मिस्त्रीचा हात जे करतो तेच त्यानं केलं. झिरो नंबरचा पॉलिश पेपर घेतला आणि घासला. डाग गेला, तोंड आरशासारखं झालं. तेल लावून, फडक्यात गुंडाळून, पेटी बंद करून त्यानं किल्ली खिळ्याला लावली. कपाळावरचा घाम पुसला आणि मनात म्हणाला, झालं, कुणाला कळायचं नाही.

जन्मभर लोखंड सोलणाऱ्या माणसाला पॉलिश पेपर काय करतो हे ठाऊक नसतं होय? डागाबरोबर पोलादही गेलं होतं. किती? केसाचे दहा भाग करावेत, त्यातला एखादा. पण गेजचं तोंड तेवढं रुंद झालं. आता जाड दांडाही त्यातून सुखानं जाणार होता. हे गहिनीनाथला त्याच क्षणी कळलं होतं. कळलं, आणि त्यानं ते न कळल्यासारखं केलं.

मागवलेल्या साठ दांड्यांपैकी बावीस दसऱ्याआधी झाले होते. उरलेले अडतीस त्यानंतरचे. चौथ्या की पाचव्या दिवशी रंभाजी त्याच्या लेथपाशी आला. हातात दांडा, कपाळाला आठी.

"मिस्त्री, गेज उतरतंय, पन मायक्रोमीटर जाड सांगतंय. गेजला कुनी हात लावल्ता का?"

ती वेळ होती. आजूबाजूला कुणी नव्हतं, समोर मित्र उभा होता, एका वाक्यात सगळं निपटलं असतं. गहिनीनाथ हसला. "तुजं मायक्रोमीटर म्हातारं झालंय रं. त्याला आता चष्मा लाव."

रंभाजी हसला नाही. तो काकासाहेबांकडं गेला. गेज पुण्याला पाठवून तपासून आणू म्हणाला. काकासाहेब तसे वाईट नव्हते, पण दिवाळीनंतर माल पाठवायचा शब्द देऊन बसले होते. "नौदलाचं गेज खोटं आणि तुझं जुनं मायक्रोमीटर खरं? ठोक पंच!" केबिनमधला आवाज लेथपर्यंत आला. पंच ठोकला गेला. साठ दांडे खोक्यात भरून विशाखापट्टणमच्या गोदीकडं रवाना झाले. खोकं स्वतः रंभाजीनं भरलं, आणि झाकणाला खिळे मारायच्या आधी तो बराच वेळ त्यावर वाकून होता.

डिसेंबर उजाडला आणि लढाई पेटली. शेडीत दुसरा विषय नाही. गहिनीनाथ रात्रीचं जेवण अर्धवट टाकून उठायचा. बायको साळूबाई विचारायची, "तुमचा कोन भाऊ हाय का फौजंत?" अडतीस दांडे त्याच्या डोळ्यापुढं एकेक करून फिरायचे.

एके दिवशी दुपारच्या सुट्टीत तो चहाच्या टपरीकडं चालला होता. टपरीवर रेडिओ लावलेला, भोवती ही गर्दी. त्या गर्दीतून एक ओळखीचा माणूस सायकल घेऊन पळत निघाला आणि जाता जाता ओरडला, "विशाखापट्टणमला पाणबुडी बुडाली!"

गहिनीनाथच्या कानात एकच शब्द राहिला. बुडाली. आपली बुडाली. माझ्या दांड्यानं बुडाली. त्यानं पुढचं काही ऐकलं नाही, विचारलं नाही. सायकल काढली आणि सुसाट निघाला तो सीना नदीच्या पुलाकडं. पलीकडं रंभाजीचं घर. त्या दिवशी रंभाजी अंगात ताप म्हणून घरीच होता. आता त्याच्या पाया पडायचं, सगळं सांगायचं, मग दोघांनी मिळून काकासाहेबांकडं, पोलिसांकडं, कुणाकडं जायचं असेल तिकडं जायचं. पायडल मारताना तो मोठ्यानं बोलत होता, "म्या केलं, म्या केलं." रस्त्यावरची माणसं वळून बघत होती.

पुलाच्या तोंडाशी फटाके वाजत होते. एकानं त्याची सायकल अडवली आणि तोंडात पेढा कोंबला. "खा मिस्त्री! दुश्मनाची पानबुडी बुडाली! आपली न्हाई, त्यांची!"

गहिनीनाथ कठड्याला टेकून ढसाढसा रडला. लोकांना वाटलं, केवढा हा देशभक्त! कुणीतरी त्याच्या पाठीवर थाप मारली, आणखी एक पेढा दिला. त्यानं तो खाल्ला. डोळे पुसले. पुलापलीकडं रंभाजीच्या घराचं पत्र्याचं छप्पर दिसत होतं, हाकेच्या अंतरावर. त्यानं थोडा वेळ तिकडं बघितलं.

मग त्यानं सायकल वळवली आणि शेडीकडं परत गेला.

पुढं आयुष्यभर त्याला पॉलिश पेपरची जेवढी लाज वाटली नाही, तेवढी त्या वळवलेल्या सायकलची वाटली. गेज घासलं ते घाबरून. पण पुलावर तो घाबरलेला नव्हता. पुलावर त्याला फक्त बरं वाटत होतं.

जानेवारीत खोकं परत आलं. गोदीत प्रत्येक दांडा पुन्हा मोजला होता. अडतीस जाड, नापास, आणि गेज ताबडतोब परत पाठवावं असा हुकूम. सोबतचं पत्र काकासाहेबांनी एकट्यानं वाचलं आणि रंभाजीला आत बोलावलं. या वेळी दार लोटलेलं होतं, पण पत्र्याच्या केबिनला कसलं दार!

"शिक्का कुणाचा? चार नंबर कुणाचा?"

"माजाच हाय. पन तुमीच म्हनला हुता, ठोक."

"माझ्यावर ढकलतोस?"

रंभाजी बाहेर आला तेव्हा चेहरा उतरलेला, पण चाल सरळ होती. डबा उचलला, टेबलावर पंच ठेवला. सगळे लेथ थांबले होते. तो गहिनीनाथच्या समोरून गेला, आणि घडीभर थांबला. जणू कुणाची तरी वाट बघावी तसा. गहिनीनाथनं चकात नसलेला दांडा घट्ट करायला घेतला.

तो गेल्यावर शेडीत कुजबुज झाली. एकजण म्हणाला, "पूजेला नाक मुरडतो. त्याच्या हातानं कसं बरं व्हावं?" म्हणणारा गहिनीनाथकडं बघत होता, मोठ्या मिस्त्रीनं होकार द्यावा म्हणून. गहिनीनाथनं मान हलवली. हो, हलवली. उभी, होकाराची.

चेकरची जागा काकासाहेबांनी त्यालाच दिली. "नवा पंच कशाला करायचा? हाच घे," म्हणून चार नंबरही त्याच्याच हातात ठेवला.

बहात्तर साल कोरडं ठणठणीत गेलं. विहिरी आटल्या, घोडेगावच्या बाजारात जनावरं येत होती पण घेणारा नव्हता, आणि सरकारनं जागोजाग दुष्काळी कामं काढली. कारखान्यांची कामं रोडावली. हातातून माल नापास गेलेल्या चेकरला कोण ठेवून घेणार? साळूबाईनं एकदा जेवताना सांगितलं, "गीताबाई दिसली सडकंच्या कामावर. दोघं नवरा-बायको खडी फोडत्यात. लई वाळलीय वो ती." गहिनीनाथनं भाकरीचा तुकडा ताटात ठेवला. "तुमी भेटून या की. डबा एका जागी खायचा ना तुमी?" तो म्हणाला, जाईन. गेला नाही. त्या वर्षीच्या खंडेनवमीला नारळ फोडायची वेळ आली तेव्हा मनगट दुखतंय म्हणाला.

त्र्याहत्तरच्या उन्हाळ्यात राधाकृष्ण साहेब पुन्हा आले. आणखी पाणबुड्या येणार होत्या, तेवढे दांडे लागणार होते. जीपमधून उतरले तेच हसत.

"काकासाहेब, आधी मला चार नंबरला भेटवा. हल्लीच्या मालावरही त्याचाच शिक्का बघतो मी. बरं वाटतं."

काकासाहेबांनी क्षणभर विचार केला आणि गहिनीनाथच्या पाठीला हात लावून त्याला पुढं ढकललं. "हाच आमचा चार नंबर."

साहेबांनी त्याचा हात दोन्ही हातांत घेतला. सोडेनातच. "मिस्त्री, किती दिवस यायचं होतं मला. लढाई, मग दुरुस्त्या, मग सरकारी कागद. तुमची चिठ्ठी नसती ना, तर तो माल तसाच बसवला असता आम्ही. शिक्का होता, गेज आमचंच होतं, आणि पाणबुड्यांना घाई होती. चिठ्ठी सापडली म्हणून थांबलो आणि मोजलं. ज्यांच्यासाठी दांडे होते त्यांना मी सांगितलंय तुमच्याबद्दल."

त्यांनी खिशातून घडी केलेला कागद काढला. रंभाजीचं बारीक, सरळ अक्षर. 'दसऱ्यानंतर गेजबद्दल शंका आहे. मायक्रोमीटर जाड दाखवते. मला येथे तपासता आले नाही. बसवण्याआधी आपल्याकडे मोजून घ्यावे, ही नम्र विनंती. चेकर नं. ४.' कुणाचं नाव नाही, कुणावर आरोप नाही. खोक्यावर तो इतका वेळ का वाकला होता, ते आता गहिनीनाथला कळलं. परतीच्या पत्रातही ह्या चिठ्ठीचा उल्लेख असणार आणि काकासाहेबांनी तो दाबला, हेही कळलं. काकासाहेब डोळ्यांनी खूण करत होते, गप राहा.

एवढे दिवस गप राहून राहून जीभ जड झाली होती. पण साहेबांच्या हातात अडकलेला आपला हात त्याला बघवेना.

"साहेब, हात सोडा," तो म्हणाला. "चिठ्ठी माजी न्हाई. ती ज्याच्यामुळं लिवावी लागली, तो मी."

आणि त्यानं सांगितलं. खिळ्यावरची किल्ली, झेंडू, नारळ, पॉलिश पेपर. पुलावरचा पेढासुद्धा सांगितला, जो कुणी विचारला नव्हता. साहेबांचं हसू केव्हाच मावळलं होतं. त्यांनी एवढंच विचारलं, "तो कुठं आहे?"

सडकेचं काम नगरपासून सात-आठ मैलांवर चाललं होतं. भर उन्हात शेकडो माणसं खडी फोडत बसलेली. गीताबाईनं जीप बघून डोक्यावरचा पदर पुढं ओढला. रंभाजी ढिगापाशी बसला होता, बोटांना चिंध्या गुंडाळलेल्या, भुवयांवर पांढरी धूळ. गहिनीनाथ त्याच्यापुढं उकिडवा बसला. नेहमीचं 'तू' त्याच्या तोंडातून येईना.

"रंभाजी, गेज म्या पूजेत ठेवल्तं. डाग म्याच घासला. तुमाला... तुमाला सांगितलं न्हाई."

रंभाजीनं हातोडा खाली ठेवला. "मला ठाव हुतं."

"कसं?"

"नंबर कोरलाय न्हवं गेजवर? त्या अक्षरांत कुंकू बसलं हुतं. पालिश पेपर वरनं फिरतो, मिस्त्री, अक्षरात जात न्हाई."

"मग बोलला का न्हाई?"

"म्या बोललो असतो तर, पूजेवरचा राग काढतो म्हनले असते समदे. तुमी बोलला असता तर खरं ठरलं असतं." त्याच्या आवाजात राग नव्हता. असता तर बरं झालं असतं. "म्हनून तुमच्यापाशी थांबलो हुतो त्या दिवशी."

राधाकृष्ण साहेबांनी जीपमधून नवं गेज आणि एक दांडा आणला. नव्या कामाला हाच चेकर पाहिजे, ते म्हणाले, काकासाहेबांशी मी बोलतो. रंभाजी उभा राहिला. चिंध्या सोडल्या, हात धोतराला पुसले. बोटं तडकलेली, टोकांना दगडासारखे घट्टे. त्यानं दांडा आडवा धरला, गेज दोन बोटांत घेतलं, डोळे मिटले. सोडलं. डोळे उघडून पुन्हा उचललं, पुन्हा सोडलं. तिसऱ्यांदा उचलताना गेज बोटांतून निसटलं, ते गहिनीनाथनं वरच्या वर झेललं.

"न्हाई साहेब," रंभाजी म्हणाला. "आपसूक उतरलं का म्या ढकललं, मला कळंना. बोटं गेली."

गीताबाईनं तोंड फिरवलं. साहेब म्हणाले, दिवस जातील, घट्टे जातील. जातीलही. कुणी सांगावं? तोवर निदान ड्रॉइंग वाचायला या, असं त्यांनी त्याला म्हटलं, आणि तो सोमवारपासून येतो म्हणाला. गहिनीनाथनं खिशातला चार नंबरचा पंच काढून त्याच्यापुढं धरला. रंभाजीनं तो घेतला, सदऱ्याला पुसला आणि खिशात ठेवला.

मग साहेबांनी फायलीतून जुन्या गेजचं कार्ड काढलं. सगळे रकाने भरलेले, फक्त एकच रकाना दीड वर्ष रिकामा. 'बिघाडाचे कारण.' त्यांनी पेन गहिनीनाथला दिलं.

जीपच्या बॉनेटवर कार्ड ठेवून तो लिहायला लागला. चौथी शिकलेला हात, एकेक अक्षर कोरल्यासारखं. 'खंडेनवमीला गेज न विचारता पूजेत ठेवले. नारळाचे पाणी लागून गंज आला. पॉलिश पेपरने मी घासले व कोणास सांगितले नाही. गहिनीनाथ, टर्नर.' मग त्यानं खाली आणखी एक ओळ लिहिली, 'त्यामुळे चेकर रंभाजी यांची बोटे गेली,' आणि कार्ड रंभाजीपुढं केलं.

रंभाजीनं ते नेहमीसारखं वरपासून खालपर्यंत सावकाश वाचलं. शेवटच्या ओळीवर घट्ट्याचं बोट ठेवलं.

"हे खोडा मिस्त्री. हे गेजचं कार्ड हाय. ह्याच्यात गेजचंच लिवायचं."

गहिनीनाथच्या डोळ्यांपुढं सगळं अंधुक झालं होतं, तरी त्यानं पेन घेतलं आणि ती ओळ खोडली. निदान या वेळी तरी त्याला चेकरचं ऐकायचं होतं.